जुने संगणक, मुक्त प्रणाली आणि ग्राफिक्स ड्रायव्हर : एक ऐतिहासिक आढावा

प्रास्ताविक

संगणक जुना झाला, मूळ प्रणाली त्यावर चालेनाशी झाली, की त्यावर लिनक्स बसवावा, असा सल्ला शिक्षणसंस्थांना गेली पंचवीस वर्षे दिला जात आहे. गोव्यातील शाळांसाठी परदेशातून वापरलेले संगणक आणून त्यांवर लिनक्स बसविण्याचा उपक्रम २००० नंतरच्या पहिल्या काही वर्षांतच झाला होता. केरळच्या शाळांनी त्याच दशकात मुक्त प्रणालीचा स्वीकार केला. सी-डॅकने २००७ मध्ये 'भारत ऑपरेटिंग सिस्टिम सोल्यूशन्स' म्हणजेच 'बॉस' ही डेबियनवर आधारलेली प्रणाली प्रसिद्ध केली. मायक्रोसॉफ्टने विंडोज १० चा नियमित आधार १४ ऑक्टोबर २०२५ रोजी थांबविल्यानंतर हाच सल्ला आता नव्या जोमाने ऐकू येतो.

सल्ला योग्य आहे, पण अपुरा आहे. एकाच वर्षी घेतलेल्या दोन संगणकांपैकी एकावर मुक्त प्रणाली सुरळीत चालते, तर दुसऱ्यावर पडद्यावरील चित्र ताणलेले दिसते, खिडकी सरकविताना ओरखडे उमटतात किंवा प्रणाली सुरू होताच पडदा काळा होतो. प्रोसेसर सारखा, स्मृती सारखी. फरक असतो तो चित्र काढणाऱ्या चिपमध्ये. हा फरक कसा निर्माण झाला, याचे उत्तर तंत्रापेक्षा इतिहासात अधिक सापडते. यंत्राचे वय हे या अडचणीचे मूळ कारण नाही. त्या यंत्राचे ज्ञान कोणाच्या हाती राहिले आणि पुढे ते कोणी सांभाळले, यावर त्याचे आयुष्य ठरत आले आहे. प्रस्तुत लेखात या दोन बाबींचा कालक्रमाने विचार केला आहे.

ड्रायव्हरचे काम

ग्राफिक्स चिपला आज्ञा देण्याची भाषा प्रत्येक उत्पादकाची वेगळी असते. एकाच उत्पादकाच्या दोन पिढ्यांतही ती बदलते. ऑपरेटिंग सिस्टिम आणि चिप यांच्यामधला दुभाषी म्हणजे ड्रायव्हर. त्याची मुख्य कामे तीन : मॉनिटरला साजेशी चित्राची लांबी-रुंदी व गती ठरविणे, खिडक्या व अक्षरे यांचे सपाट चित्र झपाट्याने काढणे, आणि त्रिमितीय चित्रांचे गणित चिपकडून करवून घेणे.

योग्य दुभाषी नसला तरी संगणक अगदी मुका होत नाही. व्हेसा या संस्थेने ठरविलेल्या प्रमाणानुसार कार्डाच्या बायोसमध्येच काही ठरावीक आज्ञा असतात. त्यांच्या आधारे पडद्यावर चित्र येते. परंतु बायोसमध्ये नोंदलेल्या आकारांपलीकडे जाता येत नाही. त्यामुळे रुंद मॉनिटरवर अक्षरे पसरट दिसतात. चित्राचे सारे कष्ट मुख्य प्रोसेसरला उपसावे लागतात, व्हिडिओ अडखळतो आणि झोपविलेला संगणक पुन्हा जागा होईलच याची खात्री राहत नाही. जुन्या संगणकावर लिनक्स 'मंद' चालतो अशी तक्रार होते, तेव्हा पुष्कळदा दोष प्रणालीचा नसून दुभाष्याच्या अभावाचा असतो.

प्रश्नाचा उगम

मुक्त सॉफ्टवेअर चळवळीच्या उगमाशीच ड्रायव्हरसारखा एक प्रश्न आहे, ही गोष्ट लक्षणीय होय. १९८० च्या सुमारास एमआयटीच्या कृत्रिम बुद्धिमत्ता प्रयोगशाळेला झेरॉक्स कंपनीचा एक लेझर प्रिंटर मिळाला. आधीच्या प्रिंटरच्या सॉफ्टवेअरमध्ये रिचर्ड स्टॉलमन यांनी सुधारणा करून कागद अडकल्याची सूचना वापरणाऱ्यांच्या पडद्यावर येईल, अशी सोय केली होती. नव्या प्रिंटरसाठी तशी सोय करावी तर सोर्स कोडच उपलब्ध नव्हता. कार्नेगी मेलन विद्यापीठातील एका संशोधकाकडे तो होता. पण त्याने कंपनीशी गोपनीयतेचा करार केला असल्याने देण्यास नकार दिला. यंत्र समोर आहे, दुरुस्तीचे कौशल्यही आहे, पण माहिती कुलुपात आहे, हा अनुभव स्टॉलमन यांनी पुढे वारंवार सांगितला. सप्टेंबर १९८३ मध्ये त्यांनी ग्नू प्रकल्पाची घोषणा केली.

चित्रपटलाचा इतिहास याच संस्थेत घडत होता. १९८४ मध्ये एमआयटीत एक्स विंडो सिस्टिमचा आरंभ झाला आणि १९८७ मध्ये तिची अकरावी आवृत्ती आली. १९९१ मध्ये हेलसिंकीच्या लिनस टोरवाल्ड्स यांनी लिनक्स कर्नल जाहीर केला. स्वस्त वैयक्तिक संगणकांवर एक्स चालविण्यासाठी त्याच सुमारास एक्सफ्री८६ हा प्रकल्प उभा राहिला. लिनक्सवर चित्र दाखविण्याची जबाबदारी पुढील दशकभर प्रामुख्याने याच प्रकल्पाने वाहिली.

नव्वदचे दशक : माहितीसाठी मनधरणी

त्या काळी ट्सेंग, सिरस लॉजिक, ट्रायडंट, एस३ अशा अनेक कंपन्यांच्या चिपा बाजारात होत्या. एक्सफ्री८६ च्या स्वयंसेवकांना प्रत्येक कंपनीकडे माहिती मागावी लागे. काही देत, काही गोपनीयतेची अट घालीत. डायमंड मल्टिमीडिया या कार्ड उत्पादकाने आपल्या कार्डांवरील घड्याळ-चिपची माहिती कराराशिवाय देण्याचे नाकारले, तेव्हा ती कार्डे चालणार नाहीत असे एक्सफ्री८६ ने आपल्या दस्तऐवजांत लिहिले. पुढे त्या कंपनीने धोरण बदलले. ग्राहकांची संख्या थोडी असली तरी जाहीर नोंदीचा परिणाम होतो, याचे हे एक आरंभीचे उदाहरण आहे.

वापरणाऱ्यालाही कष्ट कमी नव्हते. मॉनिटरच्या उभ्या-आडव्या कंपनसंख्या पुस्तिकेतून पाहून एका फाइलमध्ये हाताने लिहाव्या लागत. आकडा चुकला तर मॉनिटर बिघडण्याचा धोका असे.

१९९६ मध्ये थ्रीडीएफएक्सचे व्हूडू कार्ड आले आणि त्रिमितीय चित्रांचे युग घराघरांत पोहोचले. मुक्त जगात त्रिमितीय चित्रांचे गणित सांभाळणारी 'मेसा' ही प्रणाली ब्रायन पॉल यांनी १९९३ मध्ये हाती घेतली आणि १९९५ मध्ये प्रसिद्ध केली होती. मेट्रॉक्सने आपल्या जी२०० चिपची माहिती खुली केल्यामुळे 'युटा-जीएलएक्स' हा प्रकल्प शक्य झाला. 'क्वेक' या खेळाचे शिल्पकार जॉन कारमॅक यांनीही त्यात हातभार लावला. थ्रीडीएफएक्सने १९९९ च्या अखेरीस आपली ग्लाइड ही आज्ञाप्रणाली खुली केली. डिसेंबर २००० मध्ये या कंपनीची मालमत्ता एनव्हिडियाने विकत घेतली. कंपनी गेली, पण माहिती खुली झालेली असल्याने तिची कार्डे त्यानंतरही कित्येक वर्षे लिनक्सवर चालत राहिली.

बंद ड्रायव्हर : उसनी मुदत

एनव्हिडियाने २००० च्या सुमारास लिनक्ससाठी स्वतःचा ड्रायव्हर देण्यास आरंभ केला. तो वेगवान होता, पण बंद होता. येथून दुसऱ्या पर्वाला सुरुवात होते.

बंद ड्रायव्हरची अडचण कळण्यासाठी लिनक्सच्या एका धोरणाकडे पाहावे लागते. कर्नलच्या आतील भागांची परस्परांशी असलेली जोडणी कायमची ठरवून द्यायची नाही, गरजेप्रमाणे ती बदलायची, असे कर्नलकारांनी जाणीवपूर्वक ठरविले आहे. जो ड्रायव्हर कर्नलच्या सोर्समध्येच आहे, त्यात जोडणी बदलणारा माणूस स्वतःच दुरुस्ती करतो. जो बाहेर आहे, त्याची दुरुस्ती त्याच्या मालकाने करायची. मालकाने हात आखडला की पुढच्या कर्नलवर ड्रायव्हर बसत नाही. एक्स सर्व्हरच्या नव्या आवृत्त्यांबाबतही हेच घडते.

एनव्हिडियाने जुन्या कार्डांसाठी वेगळ्या शाखा ठेवल्या आणि एकेक करून त्या मिटविल्या. जीफोर्स ६ व ७ या मालिकांसाठीची ३०४ ही शाखा २०१७ च्या अखेरीस थांबली. जीफोर्स ८ पासूनच्या टेस्ला पिढीची ३४० ही शाखा २०१९ च्या अखेरीस, तर जीफोर्स ४०० व ५०० यांची ३९० ही शाखा २०२२ च्या अखेरीस संपली. २०१२ च्या केपलर पिढीसाठीची ४७० ही शाखा २०२४ मध्ये बंद झाली. मॅक्सवेल, पास्कल व व्होल्टा या पिढ्यांसाठी ५८० ही अखेरची शाखा असल्याचे कंपनीने २०२५ मध्ये जाहीर केले. न्यायबुद्धीने पाहिले तर बारा-तेरा वर्षांची ही सेवा थोडी म्हणता येणार नाही. प्रश्न मुदतीच्या लांबीचा नाही. ती संपल्यावर काय उरते, हा आहे. शाखा मिटली की कार्ड तत्काळ बंद पडत नाही. पण सुरक्षेसाठी कर्नल नवा घ्यावा तर ड्रायव्हर चालत नाही आणि ड्रायव्हर राखावा तर कर्नल जुना ठेवावा लागतो. संस्थेला या दोहोंतून एक निवडावे लागते.

यावर स्वयंसेवकांनी काढलेला मार्ग म्हणजे 'नूवो' हा मुक्त ड्रायव्हर. त्याचा आरंभ २००५ च्या सुमारास झाला. कंपनीकडून माहितीपुस्तिका नव्हती. म्हणून बंद ड्रायव्हर चिपला कोणत्या आज्ञा देतो हे न्याहाळून, त्यांवरून चिपची भाषा ताडावी लागली. फेब्रुवारी २०१० मध्ये आलेल्या २.६.३३ या कर्नलमध्ये नूवोचा समावेश झाला. परंतु अशा रीतीने मिळविलेल्या ज्ञानाला मर्यादा असतात. चिपची गती वाढविणे व तापमानाप्रमाणे ती सांभाळणे हा नाजूक भाग अनेक कार्डांवर नीट साधला नाही, त्यामुळे कार्ड सुरू होतानाच्या मंद गतीवरच चालत राहते. मॅक्सवेलच्या दुसऱ्या पिढीपासून, म्हणजे २०१४ पासून, चिपवर चढविण्याच्या फर्मवेअरला कंपनीची डिजिटल स्वाक्षरी आवश्यक झाली आणि बाहेरच्यांचा मार्ग अधिकच अरुंद झाला. मे २०२२ मध्ये एनव्हिडियाने कर्नलमध्ये बसणारा भाग खुला केला. पण तो २०१८ च्या ट्युरिंग व त्यापुढील पिढ्यांसाठी आहे. जुन्या कार्डांच्या वाट्याला ते खुलेपण आले नाही.

खुली माहिती : रेडिऑनचा धडा

एटीआयच्या रेडिऑन कार्डांचा इतिहास याच्या शेजारी ठेवून वाचावा. रेडिऑन ८५०० चा मुक्त त्रिमितीय ड्रायव्हर २००२ मध्ये तयार झाला, तो अमेरिकेतील 'द वेदर चॅनल' या हवामानवाहिनीने पैसा पुरविल्यामुळे. वाहिनीला लिनक्सवर त्रिमितीय चित्रे हवी होती. तिच्या गरजेचा लाभ सर्वांना झाला. ऑगस्ट २००२ च्या रेडिऑन ९७०० पासून सुरू झालेल्या आर३०० या पिढीची माहिती मात्र मिळाली नाही. तिचा ड्रायव्हरही प्रारंभी न्याहाळणीतूनच घडवावा लागला.

२००६ मध्ये एएमडीने एटीआय विकत घेतली. सप्टेंबर २००७ मध्ये एएमडीने चिपांची माहिती खुली करण्याचे धोरण जाहीर केले आणि त्यापाठोपाठ पुस्तिका प्रसिद्ध होऊ लागल्या. या धोरणाची कसोटी लवकरच लागली. २००९ मध्ये कंपनीने आर३०० ते आर५०० या पिढ्यांना आपल्या बंद कॅटलिस्ट ड्रायव्हरमधून वगळले. वापरणारे प्रथम नाराज झाले, कारण त्या वेळी मुक्त ड्रायव्हर वेगात मागे होता. परंतु पुस्तिका हाती असल्याने तो सुधारत गेला. मेसामध्ये आर३०० चा मुक्त ड्रायव्हर आजही आहे. २००२ मध्ये जन्मलेल्या चिपला दोन दशकांनंतरही दुभाषी मिळतो, तो मूळ कंपनीने त्या चिपकडे पाठ फिरविल्यानंतरचा आहे. एकाच दशकात बनलेल्या दोन कंपन्यांच्या कार्डांचे भवितव्य असे भिन्न झाले.

खुलेपणाच्याही मर्यादा

यावरून माहिती खुली झाली की प्रश्न सुटला, असा निष्कर्ष काढणे घाईचे होईल. इंटेलचे उदाहरण घ्यावे. या कंपनीने २००६ मध्ये ९६५ या चिपसंचासाठी मुक्त ड्रायव्हर दिला आणि पुढे स्वतःचे अभियंते या कामावर ठेवले. कार्यालये व महाविद्यालये यांच्या साध्या संगणकांना त्याचा मोठा लाभ झाला. तरीही २००८ मध्ये छोट्या ॲटम संगणकांसाठी आलेली जीएमए ५०० ही चिप अपवाद ठरली. तिचा ग्राफिक्स भाग इंटेलचा नसून इमॅजिनेशन टेक्नॉलॉजीजच्या पॉवरव्हीआर घराण्यातला होता आणि त्याची माहिती खुली नव्हती. ॲलन कॉक्स यांच्या प्रयत्नाने २०११ मध्ये तिचा एक मुक्त ड्रायव्हर कर्नलमध्ये आला. त्याने पडदा योग्य आकारात दिसू लागला. त्रिमितीय वेग आला नाही. डब्यावर इंटेलचे नाव असणे म्हणजे आत इंटेलची चिप असणे नव्हे, हा त्यातला बोध.

स्वस्त मदरबोर्डांवरील एसआयएस व व्हीआयए यांच्या चिपांचा प्रश्न वेगळा होता. एसआयएसचा मुक्त ड्रायव्हर टॉमस विनिशहोफर या प्रोग्रामरने जवळजवळ एकहाती घडविला. त्यांचे काम थांबल्यानंतर आलेल्या ६७१ सारख्या चिपांना तसा वाली मिळाला नाही. व्हीआयएच्या चिपांसाठी 'ओपनक्रोम' हा प्रकल्प थोड्या माणसांच्या बळावर रेटला गेला. सोर्स खुला असतो. पण तो तपासायला जुने यंत्र, वेळ आणि चिकाटी असलेला माणूस लागतो. असा माणूस गेला की खुला सोर्सही कपाटातल्या पोथीसारखा होतो.

कर्नल व मेसा यांनी जुने ड्रायव्हर वगळले, त्यामागे हेच कारण आहे. २००९ पासून मॉनिटरची मांडणी ठरविण्याचे काम एक्सकडून कर्नलकडे नेण्यात आले. ज्या ड्रायव्हरांना हे स्थित्यंतर करून देणारा कोणी नव्हता, ते मागे पडले. २०१२ च्या मेसा ८.० मधून थ्रीडीएफएक्स, मेट्रॉक्स, सॅव्हेज, एसआयएस आदींचे जुने त्रिमितीय ड्रायव्हर निघाले. २०२२ च्या मेसा २२.० मधून पहिल्या रेडिऑनांचे व आरंभीच्या जीफोर्सांचे ड्रायव्हर मुख्य शाखेबाहेर गेले. त्यांच्यासाठी 'अँबर' नावाची वेगळी शाखा ठेवली गेली. २०२३ च्या ६.३ या कर्नलने आय८१०, एमजीए, आर१२८, सॅव्हेज, एसआयएस, टीडीएफएक्स व व्हीआयए हे कर्नलमधील जुने ड्रायव्हर काढून टाकले. बंद ड्रायव्हरच्या अंताहून हा अंत मात्र निराळा आहे. येथे सोर्स नाहीसा झालेला नाही. ज्याला गरज व सामर्थ्य आहे, त्याला तो आजही उचलता येतो.

डेस्कटॉपची वाढती भूक

दुसऱ्या बाजूने डेस्कटॉपचा खर्चही वाढत गेला. एप्रिल २०११ मध्ये आलेल्या गनोम ३ च्या मुख्य रूपाला त्रिमितीय वेग आवश्यक होता. ज्यांच्याकडे तो नव्हता त्यांच्यासाठी ठेवलेली साधी पर्यायी मांडणी २०१३ च्या ३.८ आवृत्तीत काढण्यात आली. उबुंटूची द्विमितीय युनिटी २०१२ मध्ये गेली. त्यांच्या जागी 'एलएलव्हीएमपाइप' आले, म्हणजे चिपचे काम प्रोसेसरने करायचे. नव्या प्रोसेसरला ते झेपते. ज्या जुन्या यंत्राच्या चिपला ड्रायव्हर नाही, त्याचा प्रोसेसरही बहुधा जुनाच असतो. म्हणजे ज्याला सवलतीची गरज अधिक, त्याच्यावरच भार अधिक पडला. एक्सएफसीई, एलएक्सडीई आणि २०११ मध्ये निघालेला माते हे हलके डेस्कटॉप म्हणूनच जुन्या यंत्रांचे आश्रयस्थान झाले. पुढे प्रोसेसरचीच मर्यादा आली. ऑगस्ट २०२५ च्या डेबियन १३ पासून ३२ बिटांच्या जुन्या संगणकांसाठी स्वतंत्र इन्स्टॉलर व कर्नल दिला जात नाही.

अध्यापनाच्या दृष्टीने

महाविद्यालयीन शिक्षकाला या इतिहासातून काय घेता येईल? पहिली गोष्ट म्हणजे गरजेची छाननी. मराठी वा उर्दू मजकूर लिहिण्यासाठी त्रिमितीय वेग लागत नाही. देवनागरीची जोडाक्षरे जुळविणे आणि नस्तालीकमधील अक्षरे एकमेकांवर तिरपी बसविणे हे काम मुक्त प्रणालीत 'हर्फबझ' हे सॉफ्टवेअर प्रोसेसरवरच करते. हर्फ म्हणजे अक्षर आणि बाज म्हणजे खुले. उर्दू जाणणाऱ्याला हे फारसी नाव परके वाटणार नाही. ज्या यंत्राला व्हेसाच्या आधारावरच चालावे लागते, त्यावरही लेखन, टंकलेखनाचा सराव, प्रोग्रामिंगचे आरंभीचे पाठ होऊ शकतात. व्हिडिओ व्याख्याने, नकाशे, त्रिमितीय प्रात्यक्षिके यांसाठी मात्र ते यंत्र राखू नये.

दुसरी गोष्ट, देणगी म्हणून वा वापरलेले संगणक स्वीकारताना केवळ प्रोसेसर व स्मृती यांची चौकशी पुरेशी नाही. 'एलएसपीसीआय' ही आज्ञा दिली असता चिपचे नाव व पिढी कळते. पेन ड्राइव्हवरून लिनक्स चालवून पाहिला, पडद्याचा आकार बरोबर आला का, झोपविलेला संगणक जागा झाला का, व्हिडिओ सलग चालला का, एवढे तपासले तरी पुष्कळ पश्चात्ताप टळतो. इंटेल व एएमडीच्या चिपा असलेली यंत्रे सामान्यतः अधिक काळ साथ देतात; एनव्हिडियाचे जुने कार्ड असल्यास आणि मदरबोर्डवर इंटेलचे ग्राफिक्स असल्यास कार्ड काढून ठेवणे पुष्कळदा सोयीचे पडते.

तिसरी गोष्ट खरेदीविषयी आहे. आज घेतलेला नवा संगणक दहा वर्षांनी जुना होणार आहे. त्याच्या चिपची माहिती खुली आहे का आणि ड्रायव्हर कर्नलच्या सोर्समध्ये आहे का, हे दोन प्रश्न निविदेच्या वेळीच विचारले तर प्रयोगशाळेचे आयुष्य वाढते.

समारोप

ग्राफिक्स ड्रायव्हरचा हा इतिहास दोन अटींचा आहे. माहिती खुली असणे ही पहिली अट. तिच्याशिवाय यंत्राचे आयुष्य उत्पादकाच्या मर्जीवर अवलंबून राहते. देखभाल करणारी माणसे असणे ही दुसरी. तिच्याशिवाय खुली माहितीही निरुपयोगी होते. पहिली अट कंपन्यांच्या हाती आहे. दुसरीचा काही भाग शिक्षणसंस्थांच्याही हाती येऊ शकतो. नव्या कर्नलवर एखादी जुनी चिप चालते की नाही, हे पाहायला प्रगत प्रयोगशाळांत ती यंत्रेच उरलेली नसतात. ती महाविद्यालयांच्या जुन्या खोल्यांत आहेत. त्यांवर चाचणी घेऊन दोषांची नीट नोंद कळविणे हा संगणकाच्या विद्यार्थ्यांसाठी उत्तम प्रकल्प होय. त्यातून विद्यार्थ्याला कर्नलची ओळख होईल आणि ज्या यंत्राला इतरांनी मोडीत काढले, त्याला आणखी काही वर्षांचे काम मिळेल.